हत्तीचे घर नेमके कोठे असते? आशियाई हत्तींचा विस्तार, अधिवास आणि संरक्षण

वाटसरू (धागालेखक)

हत्तींच्या संरक्षणाची चर्चा बहुधा संख्येपासून सुरू होते आणि सुळ्यांच्या तस्करीपाशी येऊन थांबते. या दोन्ही गोष्टी महत्त्वाच्या आहेतच. परंतु हत्ती प्रत्यक्षात राहतो कोठे, त्याला किती आणि कशी जमीन लागते, हा प्रश्न त्यात मागे पडतो. माझ्या मते आज आशियाई हत्तीचे भवितव्य प्रामुख्याने याच प्रश्नावर अवलंबून आहे, म्हणून हा धागा.

ऐतिहासिक काळात हा प्राणी तैग्रिस–युफ्रेटिसच्या खोऱ्यापासून इराणच्या किनाऱ्याने भारतीय उपखंडात, तेथून आग्नेय आशियात आणि चीनमध्ये निदान यांग्त्से नदीपर्यंत पसरलेला होता. जावा बेटावरही तो होता. या साऱ्या प्रदेशाचे क्षेत्रफळ सुमारे 90 लाख चौरस किलोमीटर भरते, असे अभ्यासक सांगतात. आज त्यापैकी जेमतेम 5 लाख चौरस किलोमीटर उरले आहेत आणि तेही तुकड्यातुकड्यांत. पश्चिम आशियातील हत्ती इसवी सनापूर्वीच संपले, जावातील नंतर संपले आणि चीनमधील हत्ती आता युन्नान प्रांताच्या दक्षिण टोकापुरते, सुमारे 300च्या संख्येत, शिल्लक आहेत. भारत, नेपाळ, भूतान, बांगलादेश, श्रीलंका, म्यानमार, थायलंड, लाओस, कंबोडिया, व्हिएतनाम, चीन, मलेशिया आणि इंडोनेशिया या 13 देशांत मिळून रानातील हत्तींची संख्या साधारण 48,000 ते 52,000 असल्याचे अनेक वर्षे सांगितले जाते. हा आकडा अंदाजाचा आहे, कारण अनेक देशांत पद्धतशीर गणना झालेलीच नाही. मात्र त्यांतील सर्वाधिक हत्ती एकट्या भारतात आहेत, याविषयी फारसा वाद नाही.

आता अधिवासाकडे वळू. हत्तीसाठी घनदाट, जुने, अस्पर्श अरण्य हवे अशी आपली समजूत असते, आणि ती अर्धवट आहे. प्रौढ हत्ती दिवसाला सुमारे 150 किलो चारा खातो आणि 100 लिटरांहून अधिक पाणी पितो. उंच झाडांच्या गर्द छायेखाली गवत, बांबू, वेली आणि कोवळा पाला तुलनेने कमी वाढतो. त्यामुळे हत्तीला गवताळ माळ, बांबूची बेटे, नदीकाठ, पुन्हा उगवून येणारे रान आणि अधूनमधून दाट सावली अशी सरमिसळ मानवते. नेमकी हीच जमीन माणसालाही शेतीसाठी सोयीची वाटते. पूर्वी फिरत्या शेतीनंतर पडीक सोडलेल्या जमिनीवर वाढणारे रान हत्तींना उत्तम चारा पुरवत असे. शर्मिन डी सिल्वा आणि सहकाऱ्यांनी 2023 मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासानुसार 1700 सालापासून आशियातील हत्तींना योग्य असलेला सुमारे 64 टक्के अधिवास, म्हणजे 33 लाख चौरस किलोमीटरहून अधिक जमीन, नाहीशी झाली. त्यांनी या घसरणीचा संबंध वसाहतकाळातील लाकूडतोड, मळे आणि बदललेल्या जमीनवापराशी जोडला आहे, आणि तो मला पटतो.

याचा अर्थ असा की अभयारण्याच्या सीमेच्या आत हत्ती आणि बाहेर माणूस, ही वाटणी हत्तीने कधी स्वीकारलेली नाही. कळपाचे वावरक्षेत्र शेकडो चौरस किलोमीटरचे असते, वयस्क मादी आठवणीच्या बळावर कळपाला ऋतूनुसार पाण्याकडे आणि चाऱ्याकडे नेते, आणि या वाटा पिढ्यान्‌पिढ्या चालत राहतात. श्रीलंकेचे उदाहरण बोलके आहे. त्या देशाच्या सुमारे 60 टक्के भूभागावर हत्ती वावरतात आणि त्यांपैकी जवळजवळ 70 टक्के क्षेत्रात माणसांची वस्तीही आहे. अशा देशात केवळ राष्ट्रीय उद्याने सांभाळून हत्ती कसा वाचणार? भारतातही चित्र फार वेगळे नाही. म्हणून माझे म्हणणे असे की संरक्षणाचे एकक अभयारण्य न मानता संपूर्ण भूप्रदेश मानावा, आणि त्यात शेती, मळे, रस्ते व लोहमार्ग यांनाही धरावे. आपणां सर्वांची मते वाचायला आवडतील.

शतावरी

लेख आवडला. संख्येचा मुद्दा आपण थोडक्यात आटोपता घेतलात, पण त्यावर सध्या बराच गैरसमज आहे, म्हणून भर घालते. 2017 च्या गणनेत भारतात 29,964 हत्ती असल्याचे जाहीर झाले होते. ऑक्टोबर 2025 मध्ये भारतीय वन्यजीव संस्थेच्या पुढाकाराने झालेल्या नव्या मोजणीचा निष्कर्ष 22,446 असा आला. त्यावरून 'आठ वर्षांत साडेसात हजार हत्ती मेले' असे संदेश फिरू लागले. हा निष्कर्ष चुकीचा आहे.

पूर्वीच्या गणनेत प्रत्यक्ष दिसलेले हत्ती आणि लेंड्यांची घनता यांवरून अंदाज बांधला जाई. नव्या पद्धतीत लेंड्यांचे 21,056 नमुने गोळा करून त्यांतील डीएनएवरून 4,065 वेगवेगळे हत्ती ओळखले गेले, आणि एकच हत्ती पुन्हा किती वेळा नोंदला जातो यावरून एकूण संख्येचा अंदाज काढला गेला. अहवालातच 18,255 ते 26,645 अशी मर्यादा दिलेली आहे. दोन पद्धतींनी काढलेल्या आकड्यांची वजाबाकी करता येत नाही. अहवालकर्त्यांनीही हा आकडा पुढील तुलनेसाठी नवा पाया मानावा, असेच म्हटले आहे.

मला त्यातील वाटणी अधिक महत्त्वाची वाटते. पश्चिम घाटात 11,934, ईशान्येकडील डोंगर व ब्रह्मपुत्रेच्या खोऱ्यात 6,559, शिवालिक व गंगेच्या मैदानात 2,062 आणि मध्य भारत व पूर्व घाटात 1,891. म्हणजे देशातील निम्म्याहून अधिक हत्ती पश्चिम घाटाच्या दक्षिण भागात आहेत. मध्य भारतात संख्या सर्वांत कमी असूनही माणसांचे आणि हत्तींचे मृत्यू तेथे प्रमाणाबाहेर होतात. यातून आपल्या प्रतिपादनाला बळच मिळते.

काळाकातळ

धागालेखकांचे विवेचन अभ्यासपूर्ण आहे. परंतु 'शेतीलाही हत्तीच्या भूप्रदेशात धरावे' हे वाक्य शेतात उभे राहून वाचले तर वेगळे वाटते. भारतात दरवर्षी सुमारे 500 माणसे हत्तींच्या हल्ल्यात मरतात. मरणारे बहुतेक लहान शेतकरी, मजूर, पहाटे शौचास किंवा मोहाची फुले वेचायला गेलेले लोक असतात. एका रात्रीत उभे भात साफ झाले, की पंचनाम्यासाठी खेटे घालण्यात पुढचा हंगाम येतो. भूप्रदेशाचा विचार शहरात बसून करणे सोपे आहे. त्याची किंमत कोण मोजणार, हे आधी ठरले पाहिजे.

दुसरे असे, की हत्ती पिकात का येतो याचे उत्तर 'जंगल कमी झाले' एवढ्यावर संपत नाही. जंगल भरपूर असलेल्या भागांतही हत्ती शेतात येतातच.

वाटसरू (धागालेखक)

काळाकातळ, आपला पहिला आक्षेप पूर्णपणे मान्य आहे, आणि दुसरा तर शास्त्रीय दृष्ट्याही बरोबर आहे. भारतीय विज्ञान संस्थेतील रामन सुकुमार यांनी 1980च्या दशकात दक्षिण भारतात केलेल्या अभ्यासात असे दिसले, की पिकांत जंगली गवतापेक्षा प्रथिने आणि क्षार अधिक असतात, आणि शेतात घुसण्याचा धोका प्रौढ नर माद्यांच्या कळपांपेक्षा कितीतरी अधिक वेळा पत्करतात. यामागे प्रजननाचे गणित आहे. नराला माजावर येण्यासाठी आणि इतर नरांशी टक्कर घेण्यासाठी देह मोठा आणि सुदृढ हवा. चांगले खाणे मिळाले तर त्याचा लाभ मोठा. मादीसोबत पिल्ले असतात, त्यामुळे ती जपून वागते. अर्थात अधिवास तुटलेल्या भागात कळपही शेतात येतात, आणि तेथे नुकसान फार मोठे होते.

यावर सुचणारा सर्वांत सोपा उपाय म्हणजे त्रासदायक हत्ती पकडून दूरच्या अभयारण्यात सोडणे. लोकांचा रोष शांत होतो, वृत्तपत्रांत छायाचित्र येते. पण श्रीलंकेत पृथ्वीराज फर्नांडो आणि सहकाऱ्यांनी अशा 12 नरांच्या गळ्यात उपग्रहाशी जोडलेले पट्टे बांधून त्यांचा माग ठेवला, तेव्हा काही नर परत आपल्या मुलखाकडे निघाले, काही भटकत राहिले आणि थोडेच नव्या जागी स्थिरावले. नव्या ठिकाणी त्यांच्यामुळे संघर्ष वाढला, आणि कित्येक हत्ती त्यात मेले. 2012 मध्ये हे निष्कर्ष प्रसिद्ध होऊनही पकडून हलवण्याची मागणी सगळीकडे चालूच आहे. आपल्या हद्दीतून गेला म्हणजे प्रश्न सुटला, अशी धारणा त्यामागे असावी.

हाकलण्याच्या मोहिमांचीही हीच गत होते. फटाके, मशाली, ढोल, पश्चिम बंगालमधील 'हुल्ला पार्टी' (मशाली घेऊन हत्तींना हुसकावणाऱ्या लोकांच्या टोळ्या) यांनी कळप आज एका गावातून दुसऱ्या गावात जातो. चिडलेला, पिल्लांसह पळणारा कळप शांतपणे चरणाऱ्या कळपापेक्षा अधिक धोकादायक असतो.

पिंपळपान

मग करायचे काय, असा प्रश्न पडतो. चालू असलेल्या काही प्रयत्नांविषयी लिहितो.

तमिळनाडूतील वालपराई पठार चहाच्या मळ्यांनी वेढलेले आहे. मूळचे वर्षावन तेथे तुकड्यांतच उरले आहे आणि हत्तींचे कळप त्या तुकड्यांमधून मळे ओलांडत ये-जा करतात. नेचर कॉन्झर्वेशन फाउंडेशन या संस्थेच्या अभ्यासकांनी मृत्यू कसे होतात हे तपासले, तेव्हा बहुतेक वेळी माणसाला हत्ती जवळ असल्याची कल्पनाच नसते असे दिसून आले. त्यांनी वनखात्याच्या मदतीने मोबाइल संदेश, स्थानिक केबल वाहिनीवरील पट्टी आणि मोक्याच्या ठिकाणी दुरून पेटवता येणारे लाल दिवे अशी व्यवस्था उभी केली. हत्ती कोणत्या बाजूला आहेत हे संध्याकाळी कामावरून परतणाऱ्या माणसाला कळू लागले आणि मृत्यू घटले. येथे एकही हत्ती हलवला गेला नाही.

नेपाळच्या झापा जिल्ह्यातील बाहुनडांगी हे गाव मेची नदी ओलांडून येणाऱ्या हत्तींच्या वाटेवरच आहे. तेथील अनेक शेतकऱ्यांनी मका व भाताऐवजी चहा, तमालपत्र, लिंबू अशी हत्तींना न आवडणारी पिके घ्यायला सुरुवात केली आणि जोडीला सौर कुंपण घातले. हा उपाय सर्वत्र चालेल असे नाही. घरच्या खाण्यापुरते भात पिकवणाऱ्याला 'चहा लाव' म्हणणे निरर्थक आहे, कारण चहाला कारखाना आणि बाजार दोन्ही लागतात.

कुंपणाच्या बाबतीत श्रीलंकेचा अनुभव पुन्हा उपयोगी आहे. तेथे हजारो किलोमीटरची विजेची कुंपणे सरकारी वनहद्दीवर उभारली गेली, आणि त्यांपैकी अनेकांच्या दोन्ही बाजूंना हत्तीच होते. त्याउलट गावाभोवती किंवा केवळ पिकाच्या हंगामापुरते भातशेताभोवती घातलेले, गावकऱ्यांनीच देखभाल केलेले कुंपण टिकते. पीक निघाल्यावर ते उतरवले की हत्तींना तणसाचा चारा मिळतो. नकाशावरची रेषा सांभाळण्यापेक्षा पीक सांभाळणे स्वस्त पडते.

शतावरी

'कुंपण' म्हटले की एक खुलासा आवश्यक आहे. सौर कुंपणात अगदी थोड्या वेळासाठी स्पंदनाने प्रवाह सोडला जातो. धक्का बसतो, पण जीव जात नाही. काही ठिकाणी थेट वाहिनीवर आकडा टाकून तारेत प्रवाह सोडला जातो. तो बेकायदा आहे आणि त्याने हत्ती मरतात, गुरे मरतात, खुद्द शेतकरी आणि त्यांची मुलेही मरतात. भारतात हत्तींच्या अनैसर्गिक मृत्यूंमध्ये विजेचा धक्का हे सर्वांत मोठे कारण आहे. रेल्वेची धडक, शिकार आणि विषबाधा त्याच्या मागे येतात. लोंबणाऱ्या वाहिन्यांनाही सोंड उचललेला हत्ती सहज टेकतो.

नर्मदातीर

भ्रमणमार्गांचा उल्लेख कोणीच कसा केला नाही? 2005 मध्ये वाइल्डलाइफ ट्रस्ट ऑफ इंडियाने देशातील 88 मार्ग नोंदले होते, 2017 मध्ये ते 101 झाले आणि 2023 मध्ये केंद्रीय पर्यावरण मंत्रालयाच्या अहवालात 15 राज्यांतील 150 मार्ग आले, त्यांपैकी सर्वाधिक 26 पश्चिम बंगालमध्ये. आकडा वाढला म्हणून आनंद मानण्याचे कारण नाही. सलग रान तुटून त्याचे तुकडे झाले, की त्यांना जोडणारी चिंचोळी पट्टी 'मार्ग' म्हणून नोंदली जाते. म्हणजे नव्या मार्गाची नोंद ही पुष्कळदा नव्या तुटीची नोंद असते.

कायद्याची बाजूही दुबळी आहे. हत्ती वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत आहे, 1992 पासून हत्ती प्रकल्प चालू आहे, 2010 मध्ये त्याला राष्ट्रीय वारसा प्राणी घोषित केले गेले, आणि 33 हत्ती राखीव क्षेत्रे मिळून सुमारे 80,000 चौरस किलोमीटर भरतात. परंतु व्याघ्र प्रकल्पाला कायद्याने जसे स्थान आहे, तसे हत्ती राखीव क्षेत्राला नाही. महेश रंगराजन यांच्या अध्यक्षतेखालील कृतिदलाने 2010 च्या अहवालात व्याघ्र प्राधिकरणाच्या धर्तीवर हत्तींसाठी वैधानिक प्राधिकरण असावे असे सुचवले होते. ते आजतागायत झालेले नाही. परिणामी त्याच क्षेत्रात कोळशाची खाणही मंजूर होऊ शकते.

तरीही दोन-तीन गोष्टी घडल्या आहेत. निलगिरीतील सिगूर पठारावरच्या हत्तीमार्गात उभी राहिलेली रिसॉर्ट हटवण्याच्या बाजूने सर्वोच्च न्यायालयाने ऑक्टोबर 2020 मध्ये निकाल दिला. केरळात वायनाडमधील तिरुनेल्ली–कुद्रकोट मार्गावरील कुटुंबांना त्यांच्या संमतीने जमीन व घरे देऊन दुसरीकडे वसवण्यात आले. कोइमतूरजवळच्या मदुक्करै येथे लोहमार्गालगत उष्णता टिपणारे कॅमेरे व संगणकीय ओळख यांच्या आधारे रेल्वेचालकांना इशारा देण्याची यंत्रणा 2024 पासून चालू आहे. यांतील प्रत्येक काम एकेका पट्टीपुरतेच होते, आणि त्यालाही वर्षे लागली.

काळाकातळ

तिरुनेल्लीचे उदाहरण दिल्याबद्दल आभार. मोबदला आधी आणि स्थलांतर नंतर, हा क्रम पाळला गेला तर माझा विरोध नाही.

सागवान

चर्चा भारत आणि श्रीलंकेभोवतीच फिरत आहे, म्हणून पूर्वेकडे लक्ष वेधतो. सुमात्रातील हत्ती 2011 मध्ये अतिसंकटग्रस्त ठरवले गेले, कारण एका पिढीच्या काळात, म्हणजे सुमारे 25 वर्षांत, त्यांच्या अधिवासाचा दोनतृतीयांशाहून अधिक भाग तेलताड आणि कागदासाठी लावलेल्या झाडांच्या मळ्यांनी व्यापला. सखल प्रदेशातील रान हत्तीलाही हवे होते आणि कंपन्यांनाही. बोर्निओतील हत्ती आकाराने काहीसे लहान असून प्रामुख्याने मलेशियाच्या साबा राज्यात उरले आहेत. ते माणसाने आणून सोडले असावेत असा समज दीर्घकाळ होता, पण 2003 मधील डीएनए अभ्यासाने ते स्वतंत्र, फार पूर्वी विलग झालेले असल्याचे दाखवले. 2024 मध्ये त्यांचे पहिल्यांदाच स्वतंत्र मूल्यमापन झाले. संख्या सुमारे 1,000 मानली जाते.

शिकारीचा मुद्दाही सोडता येणार नाही. आशियाई हत्तींत सुळे फक्त नरांना असतात आणि सर्वच नरांना नसतात. बिनसुळ्यांच्या नराला आपल्याकडे मखना म्हणतात. त्यामुळे सुळ्यांसाठी होणाऱ्या शिकारीत एकूण संख्या फारशी घटलेली दिसत नाही, पण नर संपतात. केरळातील पेरियारमध्ये 1980च्या दशकात एका प्रौढ नरामागे शंभरच्या आसपास माद्या उरल्या होत्या. म्यानमारमध्ये गेल्या दशकात याहून वाईट प्रकार दिसला. तेथे कातड्यासाठी हत्ती मारले जाऊ लागले, आणि त्यात मादी, पिल्लू असा कोणताच भेद राहत नाही. गर्भारपण 18 ते 22 महिन्यांचे आणि दोन पिल्लांमध्ये चार-पाच वर्षांचे अंतर असलेल्या प्राण्याला ही तूट भरून काढणे जवळजवळ अशक्य आहे.

शतावरी

महाराष्ट्रातील हत्तींविषयी 'बाहेरून आलेले' असे सरसकट लिहिले जाते, त्याबद्दल. 2002 च्या सुमारास कर्नाटकातून दोडामार्ग तालुक्यात टस्कर व कळप आले, पुढे चंदगड–आजऱ्याकडे वावरू लागले; 2021 मध्ये छत्तीसगडमधून एक कळप गडचिरोलीत उतरला. नव्या मोजणीत राज्याच्या वाट्याला 63 हत्ती आले आहेत. पण कौटिल्याच्या अर्थशास्त्रात हत्तींची प्रतवारी लावताना कलिंग व अंग येथील हत्ती श्रेष्ठ, दशार्ण आणि अपरांत, म्हणजे आपले कोकण, येथील मध्यम, आणि सौराष्ट्र व पंचनदातील कनिष्ठ, असे स्पष्ट लिहिले आहे. जहांगीराने तर गुजरातेत दाहोदजवळ हत्तींची शिकार केली होती. म्हणजे आजचे पाहुणे ज्या भूमीत येत आहेत, ती त्यांच्या विस्तारक्षेत्राबाहेरची नाही. मधल्या काही शतकांत तेथील हत्ती नाहीसे झाले आणि त्यांच्यासोबत राहण्याची लोकांची सवयही गेली.

वाटसरू (धागालेखक)

शतावरी, हा मुद्दा महत्त्वाचा आहे, आणि त्यातच अडचणही आहे. ओडिशा व झारखंडमधील खाणी आणि तुटलेले रान यांमुळे 1980च्या दशकाच्या अखेरीपासून हत्ती छत्तीसगडात सरकू लागले, तेथून 2018 मध्ये मध्य प्रदेशातील बांधवगडमध्ये एक मोठा कळप येऊन स्थिरावला. ऑक्टोबर 2024 मध्ये त्याच बांधवगडमध्ये काही दिवसांत 10 हत्ती मेले. आधी घातपाताची शंका घेतली गेली. तपासणीत मात्र बुरशी लागलेले कोदो हे भरडधान्य मोठ्या प्रमाणात खाण्यात आल्याचे आणि सायक्लोपायाझोनिक आम्ल हे विष त्यांच्या शरीरात असल्याचे आढळले. अशा कोदोने माणसांना व गुरांना बाधा होते हे तेथील शेतकऱ्यांना ठाऊक होते, पण वनव्यवस्थापनाच्या आराखड्यात ही माहिती पोहोचलेली नव्हती.

नव्या मुलखात आलेल्या कळपाबाबत वनखात्याने पहिल्या दोन हंगामांत करावयाची कामे फार खर्चिक नाहीत. कळप कोणत्या पाणवठ्यावर थांबतो याची रोजची नोंद ठेवून ती रात्री गावांपर्यंत पोहोचवावी, वाटेवरील लोंबत्या वीजवाहिन्या वीज मंडळाकडून उंच करून घ्याव्यात, पाणवठ्यांभोवतीची घाणेरी उपटून गवत वाढू द्यावे, आणि पीकनुकसानीचे पैसे पुढच्या पेरणीपूर्वी शेतकऱ्याच्या खात्यात जमा व्हावेत. काळाकातळ, शेवटचे काम आपल्या यादीत पहिले असेल, याची मला कल्पना आहे, आणि गावात कळपाविषयी काही बोलण्याआधी तेच पूर्ण व्हावे या मताशी मी सहमत आहे.